गुलाबी बोंडअळीचा २०१७ चा हंगाम: विदर्भातल्या एका प्रकोपाची उलटतपासणी

२०१७ च्या दिवाळीनंतर विदर्भातली कपाशी धुऱ्यावरून पाहिली तर चांगलीच दिसत होती. झाडं उंच, पानं हिरवी, बोंडांचा भरही बरा. पहिली वेचणी बऱ्यापैकी निघाली होती. दुसऱ्या वेचणीला मात्र बोंडं उमलेनात. जी उमलली त्यांच्या एकदोन पाकळ्या फुलल्या आणि बाकीच्या पिवळ्या, चिकटलेल्या, घट्ट राहिल्या. अशी कवडी वेचायला मजूर तयार होत नव्हते, कारण दिवसभर खपूनही ओटीत वजन पडत नव्हतं. हिरवं बोंड चिरलं की आत गुलाबी अळी. यवतमाळसह अनेक जिल्ह्यांत नोव्हेंबरमध्येच उभ्या पिकात जनावरं सोडली गेली, कुठे रोटावेटर फिरला.

हे सगळं बीटी कपाशीत घडलं, म्हणजे अळीला मारणारं विष झाडातच तयार व्हावं असं जनुक घातलेल्या, बोंडअळी लागू नये म्हणून ज्यादा पैसे मोजून घेतलेल्या बियाण्यात. त्यामुळे पहिला आरोप बियाण्यावर गेला आणि तो चुकीचा नव्हता. पण तेवढ्यावर थांबलं तर एक प्रश्न उरतो. हेच बियाणं, हीच अळी आणि हीच जमीन असताना २०१८ मध्ये प्रादुर्भाव बराच खाली का आला? बियाणं तर बदललं नव्हतं. माझ्या मते उत्तर या पतंगाच्या आयुष्यक्रमात आहे, आणि आपण कपाशी शेतात किती महिने उभी ठेवतो यात.

पतंग दिसतो कसा

शेतकरी अळीला ओळखतो, पतंगाला फारसा कोणी ओळखत नाही. त्यात नवल नाही. पेक्टिनोफोरा गॉसिपिएला हा पतंग लांबीला जेमतेम ८ ते ९ मिलिमीटर. पंख पसरले तरी १५ ते २० मिलिमीटरच्या आत. रंग मातकट करडा, पुढच्या पंखांवर काळसर पट्टे आणि ठिपके, मागचे पंख रुपेरी करडे आणि कडेला लांब केसांची झालर. दिवसा तो मातीच्या भेगांत किंवा पाचोळ्याखाली दडून बसतो आणि अंधार पडल्यावर बाहेर येतो. कामगंध सापळ्याच्या, म्हणजे मादीच्या गंधाने नर पतंगांना ओढणाऱ्या सापळ्याच्या, पिशवीत सकाळी मेलेले पतंग दिसतात, तेव्हा पहिल्यांदा पाहणाऱ्याला विश्वास बसत नाही, की एवढंसं हे पाखरू एकराचं पीक खातं.

मादी साधारण १०० ते २०० अंडी घालते, एकेक किंवा थोड्या थोड्यांच्या पुंजक्यात. अंडं अर्ध्या मिलिमीटरचं, चपटं, मोत्यासारखं पांढरं. फुटायच्या आधी लालसर होतं. हंगामाच्या सुरुवातीला अंडी कोवळ्या पानांवर आणि पात्यांवर, म्हणजे फुलांच्या कळ्यांवर असतात. एकदा बोंडं धरली की मादी त्यांच्याकडे वळते आणि बोंडाच्या देठाजवळच्या आवरणाआड अंडी घालते. तीन ते पाच दिवसांत अळी निघते. ती पांढरी असते, डोकं तपकिरी. गुलाबी रंग शेवटच्या दोन अवस्थांत येतो, प्रत्येक वळ्यावर आडवा पट्टा उमटल्यासारखा. म्हणजे अळी गुलाबी दिसली याचा अर्थ तिचं बहुतेक खाणं उरकलेलं आहे.

अंड्यातून निघालेली अळी काही तासांतच बोंडात शिरते. शिरलेलं भोक टाचणीच्या टोकाएवढं. बोंड वाढताना ते बुजून जातं. इथेच फवारणीचा डाव संपतो. पुढचे दहा-बारा ते पंधरा दिवस अळी आतमध्ये सुरक्षित असते. बाहेरून औषधाचा कितीही मारा केला तरी तो तिच्यापर्यंत पोहोचत नाही.

दोन-तीन आठवड्यांचं हिरवं बोंड चाकूने उभं चिरून पाहावं. सालीच्या आतल्या बाजूला अळी जिथून शिरली तिथे बारीक फोडासारखा उंचवटा दिसतो. तिथून रुईत एक पिवळट वाट गेलेली असते आणि ती थेट सरकीपाशी थांबते. या अळीला रुईत रस नाही, तिला सरकी हवी असते. एक सरकी पोखरून ती दुसरीत जाते, कधी पाकळीची भिंत भेदून शेजारच्या कप्प्यात. रुईची नासाडी होते ती तिच्या ये-जा करण्याने, आणि त्या वाटेने बुरशी शिरते म्हणून. वाढ पूर्ण झाली की सालीला गोल भोक पाडून अळी खाली पडते आणि माती-पाचोळ्यात कोषावस्थेत जाते. आठवडा-दहा दिवसांनी पतंग. अंड्यापासून पतंगापर्यंत सारं मिळून साधारण महिना.

बोंडं धरण्याआधी हीच अळी फुलात असते. पाकळ्या आतून धाग्याने बांधून टाकते, त्यामुळे फूल उमलत नाही, गुलाबाच्या कळीसारखं मिटलेलं राहतं. त्याला डोमकळी म्हणतात. जुलै-ऑगस्टमधली डोमकळी हा या अळीचा पहिला आणि बाहेरून दिसणारा जवळपास एकमेव पुरावा. गंमत अशी की या पिढीने पिकाचं नुकसान फारसं होत नाही. चार-दोन फुलं गेल्याने कपाशीचं काही बिघडत नाही, म्हणून कोणी लक्ष देत नाही. नुकसान करणारी अळी तिची नात किंवा पणती असते, ऑक्टोबर-नोव्हेंबरमधली.

उन्हाळा कुठे काढते

दिवस लहान होऊ लागले, थंडी पडली की शेवटच्या पिढीतल्या बऱ्याच अळ्या कोषात जात नाहीत. त्या सुप्तावस्थेत जातात. खाणं बंद, वाढ बंद. कधी दोन सरक्या धाग्याने एकमेकींना जोडून त्यांच्या पोकळीत अळी पडून राहते. ही झोप महिनोन्महिने टिकते.

आता विदर्भातलं गाव डोळ्यासमोर आणा. पऱ्हाटी, म्हणजे कपाशीची वाळकी झाडं, उपटून धुऱ्यावर किंवा घरामागे रचलेली, चुलीसाठी. तिला न उमललेली वाळकी बोंडं लटकलेली. भाव वाढेल म्हणून घरात साठवलेला कापूस. जिनिंगच्या आवारात सरकीचे ढीग. अळीला उन्हाळा काढायला यापेक्षा सोयीची जागा नाही. मे-जूनमध्ये ऊब आणि पहिला ओलावा मिळाला की या साऱ्या ठिकाणांहून पतंग निघू लागतात.

त्या वेळी शेतात पाते असलेली कपाशी नसेल तर हे पतंग अंडी वाया घालवून मरतात. कारण ही अळी खाण्याच्या बाबतीत फार नखरेल आहे. हिरव्या बोंडअळीला तूर, हरभरा, टोमॅटो, ज्वारीचं कणीस, काहीही चालतं. गुलाबीला प्रामुख्याने कपाशी लागते. भेंडी, अंबाडी अशी त्याच कुळातली थोडी झाडं सोडली तर बाकी शेत तिच्यासाठी ओसाड. तिची ताकद सरकीत लपण्यात आहे आणि दुबळेपणा एका पिकावर अवलंबून असण्यात.

कपाशीला पाते लागायला पेरणीपासून साधारण ४० ते ४५ दिवस लागतात. जूनच्या दुसऱ्या पंधरवड्यात, चांगला पाऊस झाल्यावर टोबलेल्या कोरडवाहू कपाशीला पाते ऑगस्टमध्ये येतात. तोवर जमिनीतून आणि पऱ्हाटीतून निघालेल्या पतंगांची मोठी लाट ओसरलेली असते. पण ठिबकवर मे महिन्यात लावलेल्या कपाशीला जूनअखेर-जुलैच्या सुरुवातीला पाते येतात, नेमके त्या लाटेच्या तोंडावर. गावात अशी पाच शेतं पुरतात. तिथे एक पिढी वाढते आणि ऑगस्टमध्ये शेजारच्या कोरडवाहू कपाशीवर उतरते.

दुसरं टोक फरदडचं. डिसेंबरात पीक न काढता पाणी देऊन पुन्हा बहर घ्यायचा, फेब्रुवारी-मार्चपर्यंत वेचायचं. जी अळी एरवी सुप्तावस्थेत गेली असती तिला हिरवी बोंडं मिळत राहतात. मे ते मार्च असं दहा महिन्यांचं जेवण मिळाल्यावर महिन्याला एक पिढी या वेगाने संख्या कुठे जाईल, ते मांडून पाहायला गणिताची गरज नाही.

सरकीच्या गाडीतून जगभर

शास्त्राला या पतंगाची ओळख झाली ती १८४० च्या दशकात, गुजरातेतल्या भडोचहून गेलेल्या नमुन्यांवरून. भारतातून सरकीबरोबर तो विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इजिप्तला पोहोचला, तिथल्या सरकीतून मेक्सिकोत, आणि १९१७ मध्ये अमेरिकेच्या टेक्सास राज्यात सापडला. आज कपाशी पिकवणाऱ्या जवळजवळ प्रत्येक खंडात त्याची नोंद आहे. एवढा प्रवास त्याने पंखांवर केलेला नाही. माणसाने त्याला पोत्यांतून नेलं.

बीटी कुठे कमी पडली

भारतात बीटी कपाशीला २००२ मध्ये परवानगी मिळाली. त्या वाणांत क्राय१एसी हे एकच विष तयार करणारं जनुक होतं आणि मुख्य लक्ष्य हिरवी बोंडअळी होती. २००६ मध्ये क्राय२एबी हे दुसरं जनुक जोडलेलं बोलगार्ड-२ आलं. सुरुवातीची वर्षं सोन्यासारखी गेली, हे मान्य करायलाच हवं. फवारण्या घटल्या, उत्पादन वाढलं.

पहिली ठिणगी गुजरातेत पडली. अमरेली, भावनगर, जुनागढ आणि राजकोट या चार जिल्ह्यांत गुलाबी अळी एका जनुकाच्या कपाशीला दाद देत नाही, हे २०१० मध्ये खुद्द तंत्रज्ञान विकणाऱ्या कंपनीनेच जाहीर केलं. दोन जनुकांच्या वाणांवर जगणाऱ्या अळ्या २०१४-१५ पासून गुजरातेत दिसू लागल्या. महाराष्ट्राला तयारीला वेळ नव्हता असं म्हणता येणार नाही.

प्रतिकारशक्ती इतक्या लवकर का आली? याचं एक कारण बोंडाच्या आतच आहे आणि त्याची चर्चा फार कमी होते. अमेरिकेत, ऑस्ट्रेलियात बीटी कपाशीचे सरळ, म्हणजे संकरित नसलेले, वाण लावतात. त्यांच्या प्रत्येक सरकीत बीटी जनुक असतं. भारतात जवळजवळ सगळी बीटी कपाशी संकरित. संकरित झाडात प्रत्येक बीटी जनुकाची एकच प्रत असते, दुसऱ्या पालकाकडून काही येत नाही. त्यामुळे त्या झाडाच्या बोंडात तयार होणाऱ्या सरक्यांमध्ये जनुकांची वाटणी होते. दोन जनुकं धरली तर सरासरी १६ पैकी ९ सरक्यांत दोन्ही विषं, ३ मध्ये फक्त पहिलं, ३ मध्ये फक्त दुसरं आणि एका सरकीत काहीच नाही. आणि ही अळी सरकीच खाते. एकाच बोंडात तिला विषारी, अर्धविषारी आणि बिनविषारी असे सगळे घास मिळतात. थोडीफार सहनशक्ती असलेल्या अळ्यांना निवडून पुढे पाठवण्याची इतकी चोख व्यवस्था ठरवून केली असती तरी जमली नसती.

त्यात वय वाढेल तसं झाडातलं विषाचं प्रमाण घटतं. शंभर-सव्वाशे दिवसांनंतर ते बरंच उतरतं. नेमक्या त्याच काळात, ऑक्टोबरनंतर, गुलाबी अळी बोंडांवर येते. १८०-२०० दिवसांच्या वाणांनी तिला कमी डोसाचा लांबलचक काळ दिला.

मग आश्रयपिकाचं काय? नियम होता की बीटीच्या भोवती बिगरबीटी कपाशीच्या पाच ओळी किंवा एकूण क्षेत्राच्या २० टक्के, जे जास्त असेल ते लावायचं. त्यासाठी ४५० ग्रॅमच्या पाकिटासोबत १२० ग्रॅमची बिगरबीटी पुडी मिळायची. त्यामागचा हिशेब असा: प्रतिकार देणारं जनुक बहुधा अप्रभावी असतं, म्हणजे आई-बाप दोघांकडून आलं तरच अळी वाचते. बिगरबीटी ओळींत वाढलेले साधे पतंग मुबलक असले तर क्वचित वाचलेला प्रतिकारक्षम पतंग त्यांच्याशीच जोडी जमवतो आणि पिल्लं बीटीवर मरतात. हिरव्या अळीसाठी तूर-हरभरा हे काम फुकटात करतात. गुलाबीसाठी ही पुडी हाच एक आधार होता. बहुतेकांनी ती लावली नाही. त्यांना दोष देणं सोपं आहे. पण पाच एकरांच्या शेतकऱ्याला ‘अळीसाठी एक एकर सोड’ असं सांगायचं, पुडीतलं बियाणं अनेकदा वेगळ्याच कालावधीचं किंवा कमी उगवणीचं द्यायचं, आणि का लावायचं ते नीट समजावायचंही नाही, यातून दुसरं काय होणार होतं? पुढे बिगरबीटी बी पाकिटातच मिसळून द्यायची पद्धत आली ती याच अनुभवातून.

हंगामात काय काय घडलं

२०१७ च्या खरिपात महाराष्ट्रात सुमारे ४२ लाख हेक्टरवर कपाशी होती. मान्सूनपूर्व लागवडीत डोमकळ्या जुलै-ऑगस्टमध्येच दिसल्या. सापळे फार थोड्या शेतांत होते. सलग तीन रात्री सापळ्यात रोज आठ किंवा त्याहून जास्त पतंग आले, १० टक्के फुलं डोमकळी झाली, किंवा तोडलेल्या २० बोंडांपैकी दोनांत जिवंत अळी मिळाली की उपाय करायचा, ही आर्थिक नुकसानीची पातळी पुस्तकांत होती, शेतात पोहोचली नव्हती.

त्याच सुमारास यवतमाळात दुसरी आपत्ती आली. माणसाच्या डोक्यावर गेलेल्या दाट कपाशीत, दोन-तीन कीटकनाशकं एकत्र कालवून, हातमोजे-मास्कशिवाय केलेल्या फवारणीतून विषबाधा होऊन एकट्या त्या जिल्ह्यात वीसहून अधिक शेतकरी-शेतमजुरांचा जीव गेला. त्या फवारण्या एकट्या गुलाबी अळीसाठी नव्हत्या. रसशोषक किडींचाही जोर होता. पण बीटीवरचा विश्वास उडाल्याची घबराट त्यात होतीच. आणि बोंडात शिरलेल्या अळीवर त्यातल्या एकाही फवारणीचा उपयोग नव्हता.

नोव्हेंबरात तक्रारींचा पूर आला. कापूस बियाण्यासंबंधीच्या राज्याच्या २००९ च्या कायद्याखाली नुकसानीचा दावा करायचा तर ‘जी’ फॉर्म भरावा लागतो, सोबत सातबारा, बियाण्याची पावती, लेबल. लाखोंनी अर्ज आले. डिसेंबरात नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात कृषिमंत्री पांडुरंग फुंडकर यांनी मदत जाहीर केली: कोरडवाहूला हेक्टरी ३०,८०० रुपये, बागायतीला ३७,५००. यातले ६,८०० (बागायतीला १३,५००) आपत्ती निधीतून, ८,००० पीकविम्यातून आणि १६,००० बियाणे कंपन्यांकडून. मोठा आकडा कंपन्यांच्या खात्यावर टाकलेला होता आणि वाद तिथेच पेटला. कंपन्यांचं म्हणणं, बियाण्यात जनुक आहे, अळी बदलली त्याला आम्ही काय करणार. बियाणं निकृष्ट असणं आणि बियाणं निरुपयोगी ठरणं यांत फरक आहे, आणि कायदा पहिल्यासाठी लिहिलेला आहे. शेतकऱ्याच्या दृष्टीने दोन्हींचा परिणाम एकच.

२०१८ मध्ये काय वेगळं केलं

नवं औषध आलं नाही की नवं जनुक. फरदड घेऊ नका, पऱ्हाटीचा वेळेत बंदोबस्त करा, जूनच्या आधी कपाशी लावू नका, यासाठी बियाण्याची विक्रीच उशिरा सुरू करा, जिनिंगच्या आवारात कामगंध सापळे लावा, डोमकळ्या तोडून नष्ट करा, एवढाच कार्यक्रम गावोगाव रेटला गेला. नागपूरची केंद्रीय कापूस संशोधन संस्था आणि कृषी विद्यापीठं हे आधीपासून सांगतच होती. २०१७ च्या फटक्याने लोकांनी ऐकलं. अळी संपली नाही, पण हंगाम हातचा गेला नाही.

चीनमध्ये यांग्त्सी खोऱ्यात याच अळीचा प्रतिकार वाढत असताना उलटा फिरला. तिथे शेतकरी संकरित बियाण्याची दुसरी पिढी लावू लागले, त्यामुळे एका जनुकाच्या हिशेबाने शेतातलं साधारण प्रत्येक चौथं झाड आपोआप बिगरबीटी निघू लागलं. आश्रयपीक कोणी सक्तीने लावलं नाही, ते बियाण्यातूनच आलं. अमेरिकेने प्रयोगशाळेत वाढवलेले वांझ पतंग विमानांतून शेतांवर सोडले, बीटीचे सरळ वाण लावले, हंगाम आखडता ठेवला आणि ऑक्टोबर २०१८ मध्ये ही कीड देशातून नाहीशी झाल्याचं जाहीर केलं. आपल्याला तो मार्ग जसाच्या तसा घेता येणार नाही, कारण तिथलं एक शेत इथल्या गावाएवढं असतं. पण हंगाम आखडता ठेवायला विमान लागत नाही.

उत्तर भारतात मात्र हा धडा आधी पोहोचला नाही. २०१८ च्या सुमारास हरियाणातल्या जिंदमध्ये तेलगिरण्या आणि जिनिंगच्या आसपासच्या शेतांत ही अळी दिसली, २०२१ मध्ये पंजाबच्या भटिंडा-मानसा पट्ट्यात, २०२३ मध्ये राजस्थानच्या श्रीगंगानगर-हनुमानगडमध्ये तिने मोठं नुकसान केलं. बाहेरून आलेली सरकी हा तिथेही मुख्य संशयित आहे.

विदर्भात आता खरा पेच फरदडचा आहे. ज्याच्याकडे विहीर आहे त्याला जानेवारीत पाणी देऊन आणखी एक वेचणी मिळते, आणि एखाद्या वर्षी भावही चांगला असतो. त्याच्या शेतात वाढलेली अळी पुढच्या वर्षी शेजारच्या कोरडवाहूवाल्याचं बोंड खाते. ‘फरदड घेऊ नका’ हा सल्ला ज्याला द्यायचा त्याचा त्यात ताबडतोब तोटा आहे, फायदा दुसऱ्याचा. म्हणून नुसत्या पत्रकांनी हे सुटत नाही. १४०-१५० दिवसांत उरकणारे, सघन लागवडीला चालणारे वाण मिळाले आणि नोव्हेंबरअखेर रान मोकळं होऊन त्यात हरभरा घेता आला, तर विहीरवाल्यालाही पऱ्हाटी उपटण्यात पैसा दिसेल. तसं बियाणं पाकिटात भरून वेळेवर दुकानात येणं, हे काम अजून बाकी आहे.